पाय नसलेल्या बाईची चाल

१८ जानेवारी १९९९, सोमवार

आज मला चेहरा मिळाला आणि माझी चाल गेली.

निर्माते सेनोओ यांनी शिंजुकू स्टेशनजवळच्या कॉफीच्या दुकानात बोलावलं होतं. ‘वाफेतली बाई’चा चौथा भाग काढतायत. नेहमीसारखाच थेट व्हिडिओ कॅसेटवर. थिएटर आमच्या नशिबी नाही. पहिल्या तिन्ही भागांतली ती बाई, म्हणजे ओसेईचं भूत, मी आहे. अकरा वर्षं झाली. मधल्या काळात बोगद्यातली, लिफ्टमधली, फोनच्या बूथमधली अशी चौदा भुतं इतरांसाठी केली, पण ओसेई ती ओसेई.

“तोकिवा-सान, या वेळी तुम्हाला चेहरा आहे,” सेनोओ म्हणाले. ते साखरेच्या पुड्या एकावर एक रचत होते. वाईट बातमी असली की ते काहीतरी रचत बसतात. “सरायीची मालकीण. अकरा वाक्यं आहेत. एक क्लोजअपसुद्धा आहे.”

“आणि ओसेई?”

“ओसेई माहिरु करेल. अगाता माहिरु. पाच मुलींच्या त्या गटात गाते ना, ती. एकोणीस वर्षांची आहे.”

“ओसेईचं तोंड केसांनी झाकलेलं असतं, सेनोओ-सान. आतली बाई एकोणीसची काय नि नव्वदची काय!”

“तेच म्हणतोय मी. तोंडच दिसत नाही, तर तुम्हीच हव्यात असंही नाही ना.”

पुड्यांचा मनोरा पडला.

मग मी बोलले. मी म्हटलं, भुताला पाय नसतात हे आपल्याकडे लहान मूलसुद्धा सांगेल. ओसेईला चेहरा नाही आणि पायही नाहीत. मग त्या पांढऱ्या किमोनोत अकरा वर्षं होतं काय? चाल होती! गरम पाण्याच्या कुंडांच्या सरायीतली एक मोलकरीण. चोरीचा आळ येतो, मालकीण तिला बंबाच्या खोलीत कोंडते, आणि ती वाफेत गुदमरून मरते. पोलीस ऐकत नाहीत, गाव ऐकत नाही. या देशात बाईचं म्हणणं ऐकून घ्यायला आधी बाईला मरावं लागतं, सेनोओ-सान! आणि लोक म्हणतात हे भीतीचे सिनेमे आहेत. हे न्यायाचे सिनेमे आहेत. न्यायालयात जिला उभं केलं नाही, ती सरायीच्या बोळात उभी राहते!

शेजारच्या टेबलावरच्या दोघांनी माझ्याकडे वळून पाहिलं. बोलणं संपलं तेव्हा सेनोओ बिल द्यायला काउंटरवर गेले होते. डोळ्यांतलं पाणी लपवायला गेले असावेत.

मी हो म्हटलं. अकरा वाक्यं! अकरा वर्षांत मी पडद्यावर एक अक्षर बोललेले नाही. त्यांची एक अट आहे. त्या मुलीला चाल मी शिकवायची.

१९ जानेवारी, मंगळवार

मात्सुमोतोला, गावी आईला फोन केला. दुकानात सोयाबीन दळायचं यंत्र चालू होतं, त्यामुळे दोघी ओरडून बोललो.

“चेहरा दिसणार माझा!”

“मग केस बांधून जा.”

“अकरा वाक्यं आहेत, आई!”

“इतकी? मला ती ओसेई आवडायची. गप्प असते बिचारी.”

आईला अभिनयातलं काही कळत नाही. मी कीर्ती मिळवली ती तिच्या टोफूच्या दुकानात शिकलेल्या चालीवर, हेही तिला कळलेलं नाही. पाण्यात बुडवलेला टोफू पसरट भांड्यात घेऊन मी सहा वर्षांची असल्यापासून गल्लीभर पोचवत होते. पाणी सांडलं तर मार आणि टोफूचा कोपरा मोडला तर उपास. टाच कधी उचलायची नाही, गुडघ्यात जरा वाकायचं, कंबरेच्या वरचं अंग जणू दुसऱ्याचं. ओसेई सरकते ती अशी.

२३ जानेवारी, शनिवार

वॉर्डाच्या सभागृहातली चटईची खोली तीन तासांसाठी घेतली. शेजारच्या खोलीत आजीबाईंचा समूहगायनाचा सराव चालला होता.

माहिरु अर्धा तास आधीच येऊन दारात बसली होती. एवढीशी, बेडकासारखे डोळे, हातात वही. मला बघताच चटईला कपाळ टेकवलं.

“सेन्सेई, मला काहीच येत नाही. कृपा करून शिकवा.”

“सेन्सेई म्हणू नकोस. मी शाळामास्तर आहे का?”

“हो, सेन्सेई.”

मी तिच्या हातात टोफूचं भांडं दिलं. पहिल्या फेरीत चटई भिजली, दुसऱ्या फेरीत माझे मोजे. तिसऱ्या फेरीत तिने टोफू वाचवला आणि स्वतः पडली. पडल्या पडल्या तिने वहीत काहीतरी लिहिलं. मी जे बोलते ते सगळं ती लिहून घेते. मी पाणी प्यायले तेही लिहिलं असेल. प्रश्न तर किती! ओसेईचं वय काय? ती डावखुरी होती का? तिचं गाव कुठलं? तिला थंडी वाजते का?

“भुताला थंडी कसली?”

“पण तुम्ही दुसऱ्या भागात डावा खांदा जरा आत ओढता. मला वाटलं तिला वाजत असेल.”

तो खांदा मी ओढला होता कारण पाठीला चिकटवलेली ऊब देणारी पुडी सरकली होती. हे तिला सांगितलं नाही. मुलगी धूर्त दिसते. माझं सगळं टिपून घेऊन मला मोकळं करायचा बेत आहे.

शेवटी टोफू आम्ही दोघींनी सोया सॉस घालून खाल्ला. तिने तीन तुकडे खाल्ले. यांच्या गाण्याच्या कंपनीत मुलींना जेवायला देत नसावेत.

२६ जानेवारी, मंगळवार

मुलगी शिकते आहे. आज भांडं काठोकाठ भरलं होतं. खोलीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत तीन थेंबच सांडले. मला हे जमायला दोन हिवाळे लागले होते.

ही माझी खाजगी वही आहे, म्हणून खरं लिहिते. एक गोष्ट मी तिला शिकवलेली नाही.

तिसऱ्या पावलानंतर ओसेई थांबते. अर्धा श्वास, जास्त नाही, आणि मग पुढे येते. बघणाऱ्याला कळतही नाही आपण नेमके कशाने दचकलो. लोक म्हणतात वाफेमुळे, संगीतामुळे. वाफ नाही, संगीत नाही, तो थांबा! सरायीतल्या मोलकरणीला दिवसभर हाका असतात. ओसेई, पाणी. ओसेई, गाद्या. ओसेई, चार नंबरचे पाहुणे निघाले. मेल्यावर कुणी हाक मारत नाही. पण जन्माची सवय. चालता चालता तिला वाटतं, कुणीतरी हाक मारली. ती थांबते, ऐकते. कुणीच नसतं. मग येते.

हे मी कुणालाही सांगितलेलं नाही, दिग्दर्शक निरेगींनाही नाही. ते त्यांना सापडलंच नाही, नुसतं आवडलं. चाल शिकवायचं कबूल केलं होतं, चाल शिकवली. थांबणं म्हणजे चालणं नव्हे. यात माझी काही चूक नाही.

२९ जानेवारी, शुक्रवार

भुताचा सिनेमा असला की शूटिंगआधी सगळी मंडळी देवळात जाऊन आत्म्यांची शांत करून घेतात. मी याच्या विरुद्ध आहे आणि दर वेळी तसं सांगते. वीज, कॅमेरा आणि चुंबकीय फीत यांवर जगणारी माणसं कागदाच्या झालरींपुढे माना तुकवतात! पण गेले. गेले नसते तर दिव्याचा एक बल्ब फुटला तरी माझ्या नावावर गेला असता.

पुजाऱ्याने सिनेमाचं नाव वाचलं, निर्मात्याचं, दिग्दर्शकाचं. मग जरा खोल आवाजात म्हणाला, “आणि अपघाती मृत्यू पावलेल्या तोकिवा मिसाओ या अभागी स्त्रीचा आत्मा शांत होवो. तिने मनातला राग सोडावा, या मंडळींना त्रास देऊ नये, आणि आपल्या जागी परत जावे.”

सेनोओ यांनी तिसऱ्या भागाची यादी तशीच उतरवून दिली होती. तिच्यात भुताच्या रकान्यात माझं नाव.

मी दुसऱ्या रांगेत जिवंत उभी होते. देवासमोर बोलणार कोण? तीस माणसं कमरेत वाकली. निरेगी अर्धवट माझ्याकडे वळले आणि माझ्याच दिशेने वाकले. माहिरुने तर हात जोडून डोळे मिटले.

बाहेर आल्यावर मेकअपवाले देगुची-सान सिगारेट पेटवत म्हणाले, “कसं वाटतंय? शांत झालात का?”

“अजिबात नाही!”

“मला वाटलंच. एका पूजेत भागणारं प्रकरण नाही हे.”

सेनोओ सात वेळा माफी मागून गेले. सगळ्यांना चार दिवस पुरेल एवढं हसू मिळालं. मीही हसले. पण ‘आपल्या जागी परत जावे’ हे वाक्य बसमध्ये येईपर्यंत कानात होतं. माझी जागा कुठली, हे पुजाऱ्याने सांगायला हवं होतं.

१ फेब्रुवारी, सोमवार

शूटिंग सुरू. ओकुतामाच्या वरच्या अंगाला बंद पडलेली सराय आहे. खिडक्यांना काळं कापड लावलंय. बाहेर लख्ख दुपार आणि आत मध्यरात्र.

आज माझं पहिलं वाक्य झालं. “यावं, यावं, या थंडीत दुरून आलात.” पाहुणे दारात आणि मालकीण गुडघ्यावर. मी या बाईचा फार विचार केला आहे. तिच्या हातून एक जीव गेलाय. म्हणून ‘यावं’मध्ये अपराध हवा, ‘थंडीत’मध्ये पूर्वसूचना आणि ‘दुरून’मध्ये अख्ख्या सरंजामशाहीचा धिक्कार. तिन्ही घातले.

निरेगींनी सतरा टेक घेतले. अकरा वर्षांत त्यांनी माझ्यासाठी दोनाच्या वर टेक घेतलेले नाहीत. चेहऱ्यात त्यांना इतकं काही सापडत होतं की सोडवेना. प्रत्येक टेकनंतर पोटदुखीची गोळी चघळत ते म्हणायचे, “छान. आता थोडं कमी करून बघू.” मग, “अजून थोडं कमी.” बाराव्या टेकनंतर म्हणाले, “तोकिवा-सान, समजा तुम्ही नुसतं त्यांना आत बोलावलंत, तर?”

“नुसतं?”

“नुसतं.”

आमच्या सिनेमात अशा प्रयोगशील माणसाची फार गरज आहे.

चेहरा पुसताना देगुची-सान म्हणाले, “उद्यापासून भुवया जरा आवरा. दाराच्या चौकटीला लागतायत.”

त्यांना गेली अकरा वर्षं माझं तोंड फक्त पांढरं फासायची सवय. बाकी काय कळणार!

३ फेब्रुवारी, बुधवार

आज सेत्सुबुन, हिवाळा संपल्याचा सण, त्यामुळे जेवणाच्या सुट्टीत भाजलेले सोयाबीन फेकायचा कार्यक्रम. “राक्षस बाहेर! भाग्य आत!” आणि राक्षस कोण? पांढऱ्या किमोनोतली माहिरु. सगळी दिवेवाली मंडळी दाणे घेऊन तिच्या मागे, आणि ती टाच न उचलता बोळभर पळतेय! मी पोट धरून हसले. अशा धावपळीतही तिचं डोकं एका रेषेत होतं. ते बघून हसू जरा आटोपलं.

मग वयाइतके दाणे खायचे. माहिरुने एकोणीस मोजून खाल्ले. मी बत्तीस खाल्ले. देगुची-सान मोजत होते.

“सहा खाली पडले वाटतं?”

“तुम्ही तुमचे पासष्ट चावा. दात असतील तर.”

दुपारी ओसेईचा पहिला शॉट. वाफ सोडली, माहिरु बोळाच्या टोकाला उभी राहिली, चालत आली. डोकं हललं नाही, किमोनोचा काठ हलला नाही. चुकीचं काही नव्हतं. निरेगींनी टेक ठीक म्हटला, पण खुर्चीतून उठेनात.

“सगळं बरोबर आहे,” ते स्वतःशीच म्हणाले. “पण मला ती मुलगी चांगली चालताना दिसतेय.” मग माझ्याकडे वळले. “काय कमी आहे हो, तोकिवा-सान?”

मी म्हटलं, “वाफ कमी असेल.”

वाफ वाढवली. आणखी चार टेक घेतले, आणि शेवटी माहिरुच दिसेनाशी झाली.

५ फेब्रुवारी, शुक्रवार

माझी वाक्यं दोन ते पाच झाली. अनुक्रमे नऊ, अकरा, आठ आणि चौदा टेक. थकले. चेहरा असणं हे अंगमेहनतीचं काम आहे, हे लोकांना कळत नाही. भूत असताना मी शॉट्सच्या मधल्या वेळात केसांच्या आत डोळे मिटून झोपत असे.

बोळाचा मोठा प्रसंग मंगळवारी आहे. ओसेई मालकिणीसमोर येते, मालकीण किंचाळते आणि सिनेमा संपतो. तो फसला तर कॅसेट दुकानांच्या खालच्या फळीवर जाईल आणि ओसेई संपेल. सेनोओ आज दोनदा येऊन माहिरुचं चालणं बघून गेले. जाताना पेपर कप एकात एक घालून त्यांनी एक लांबलचक काठी केली होती.

मी वाईट बाई आहे का? संध्याकाळी बसमध्ये माहिरु माझ्या खांद्यावर डोकं टाकून झोपली. तिच्या वहीचं पान उघडं होतं. मी काही मुद्दाम वाचलं नाही. वर लिहिलं होतं, ‘अजून मिळालेलं नाही’, आणि खाली काही नव्हतं.

काय मिळालेलं नाही? प्रमुख भूमिका असेल. या वयात हाव फार.

८ फेब्रुवारी, सोमवार

आज जे झालं ते झालं तसं लिहिते.

मेकअपच्या खोलीत आम्ही तिघंच. देगुची-सान माहिरुचा विग विंचरत होते. केसांच्या पडद्यामागून ती म्हणाली, “सेन्सेई, उद्यासाठी काही सांगाल का?”

“सगळं सांगून झालंय.”

“हो, सेन्सेई.”

देगुची-सानांनी कंगवा खाली ठेवला. “बाई, आता पुरे. ही पोर तुमचा पहिला भाग चाळीस वेळा बघून आलीये. कॅसेट झिजून गेली तिची. तिला विचारा तरी, तिसऱ्या पावलाला काय होतं ते.”

मी चहाचा पेला खाली ठेवला.

“काय होतं?” मी विचारलं.

“थांबते,” माहिरु म्हणाली. “अर्धा श्वास. मला वाटतं, कुणी हाक मारली का ते ऐकते. शाळेत असताना मला वाटायचं, माझ्या टीव्हीतून तिला ऐकू जाईल. म्हणून मी हाक मारायचे. आई ओरडायची.”

“शाळेत असताना?”

“सहावीत होते. तेव्हापासून मला ओसेई व्हायचं होतं. गाणं मला तेवढं येत नाही.”

“ते सगळ्या देशाला माहीत आहे,” देगुची-सान म्हणाले.

“मग करत का नाहीस तू?” माझा आवाज चढला. “पाच दिवस निरेगी विचारतायत काय कमी आहे! सगळे वाफेला दोष देतायत! तुला माहीत होतं, तर करून टाकायचंस!”

तिने दोन्ही हातांनी केस बाजूला केले. ते बेडकासारखे डोळे अगदी गंभीर होते.

“तुम्ही दिलं नव्हतं ना, सेन्सेई. न दिलेलं कसं घेऊ?”

आता मी काय लिहू? मी, जिने सगळ्या स्टुडिओला न्यायावर भाषणं दिली! मी, जी म्हणते की बाईचं म्हणणं कुणी ऐकत नाही! ही पोर दोन आठवडे रोज चटईला कपाळ टेकवून एकच मागत होती, आणि मला ती चोर वाटत होती. ओसेईवर चोरीचा आळ घेणारी ती मालकीण मला सतरा टेकमध्ये सापडली नाही. कशी सापडणार? ती मी घरीच ठेवून जात होते.

मी चटईवर बसले. तिच्यासमोर नीट, गुडघे जुळवून.

“तिसऱ्या पावलानंतर,” मी म्हटलं, “अर्धा श्वास. कान डावीकडे, कारण मालकिणीची खोली डावीकडे. मान वळवायची नाही, फक्त वळवाविशी वाटली पाहिजे. हे मी तुला दिलं. घे.”

ती वाकली ती उठेचना. विग निसटून चटईवर पडला आणि देगुची-सान ओरडले, “दोन तास लागलेत मला त्याला!” ते नाक ओढत होते. नाकात पावडर गेली म्हणाले.

९ फेब्रुवारी, मंगळवार

प्रसंग झाला. माझ्याकडून फसला. शांतपणे लिहायचा प्रयत्न करते.

मालकीण बोळाच्या या टोकाला, हातात कंदील. ओसेई त्या टोकाला. संहितेत आहे: ओसेई जवळ येते, मालकीण किंचाळते, काळोख. किंकाळीची मी तीन आठवडे घरी तयारी केली होती. तीन पट्ट्यांत चढणारी, शेवटी फाटणारी. माझी घरमालकीण दोनदा वर येऊन गेली होती.

“घ्या,” निरेगी म्हणाले.

वाफ आली आणि वाफेतून ती आली. एक पाऊल. दोन. तीन.

थांबली.

मी ओसेई आतून अकरा वर्षं ओळखते. बाहेरून ती मी कधीच बघितली नव्हती. व्हिडिओवर स्वतःला बघणं वेगळं. तिथे मला फक्त माझ्या चुका दिसतात. आज तिथे माझं काही नव्हतं. ती उभी होती. ऐकत होती. अंगावरचा एकेक केस उभा राहिला. माझी तीन आठवड्यांची किंकाळी कुठे गेली कोण जाणे. भुवयांचं मला आठवलंसुद्धा नाही. पळावंसं वाटलं, आणि त्याच वेळी वाटलं, अगं, हिला इतकी वर्षं कुणी हाक मारलेली नाही.

“ओसेई,” मी म्हटलं.

हे संहितेत नाही. तोंडातून गेलं. आवाज म्हणजे नुसती हवा.

आणि वाफेतून, केसांच्या आतून, तीन सिनेमे गप्प असलेली ती बाई म्हणाली, “आले, बाईसाहेब.”

सरायीतली पोर कामात असताना म्हणते तसं. आनंदाने म्हणाली ती. ते सगळ्यांत भयंकर होतं. ती येऊ लागली आणि मी तिथेच मटकन बसले. कंदील घरंगळत गेला. कुणी ‘कट’ म्हणेना.

मग निरेगी म्हणाले, “झालं.”

मी उठून लगेच सांगितलं, “पुन्हा घेऊ या! माफ करा, किंकाळी राहिली, आवाज बसला, वाक्य भलतंच बोलले. एक संधी द्या, सतरा द्या!”

“नको,” निरेगी म्हणाले, आणि खिडकीचं काळं कापड बाजूला करून बाहेर बघत उभे राहिले. पाठ माझ्याकडे. फार चिडले असावेत. एवढ्या वर्षांत माझा टेक पहिल्या फटक्यात टाकून दिल्यासारखं कधी झालं नव्हतं. ध्वनीवाल्याने डोक्यावरचे इअरफोन काढले आणि माझ्याकडे बघितलंच नाही. सेनोओ यांच्या पुढ्यात कागदी पेले होते, पण त्यांनी एकही रचला नव्हता.

माहिरुने दोन्ही हातांनी केस वर केले. “सेन्सेई, मी न विचारता बोलले. चुकलं का?”

“तू नाही चुकलीस. मी चुकले,” मी म्हटलं. ते खरंच आहे. पण तिचं चालणं! ते लिहायला मला शब्द नाहीत, आणि हे वाक्य या वहीत पहिल्यांदाच येतंय.

शेवटचा शॉट म्हणून आम्हा दोघींना फुलांचे गुच्छ दिले, टाळ्या वाजवल्या. टाळ्या बऱ्याच वेळ चालल्या. लोक दयाळू असतात.

१० फेब्रुवारी, बुधवार

निरेगींना माफीचं पत्र लिहिलं. नऊ पानं झाली. फाडलं. सात पानांचं लिहिलं.

१६ फेब्रुवारी, मंगळवार

पत्र टाकायच्या आत निरेगींचाच फोन.

“तोकिवा-सान, संकलन चालू आहे. तुमची अकराही वाक्यं मी काढतोय.”

मी फोनची वायर मुठीत धरली. “अकराही?”

“अकराही. सबंध सिनेमाभर मालकीण गप्प. ओसेईला हाक मारते तेवढीच. आणि कॅसेटच्या वेष्टनावर तुमचा चेहरा आहे. सेनोओंनी आज फोटो निवडला. माहिरुचा नाही. तुमचा, त्या क्षणाचा.”

“त्या क्षणी मी अभिनय करत नव्हते!”

“हो,” ते म्हणाले. गोळी चघळल्याचा आवाज आला. “माहीत आहे.”

मी त्यांना चांगलं सुनावलं. कलावंताचे शब्द कापणं म्हणजे काय, या देशात बायकांची वाक्यं कोण कापतं आणि का, सगळं बोलले. ते ऐकत राहिले. त्यांचा हा गुण मला आवडतो. मी श्वास घ्यायला थांबले तेव्हा म्हणाले, “पाचवा भाग लिहायला घेतलाय. मालकीण मेलेली आहे. शेवटी दोघी एकामागून एक बोळातून येतात.”

“म्हणजे मी पुन्हा भूत?”

“केस बांधलेले. चेहऱ्यासकट.”

“पुढे कोण चालणार?”

“ते मला नका विचारू. तुम्ही दोघी ठरवा.”

ताबडतोब माहिरुला फोन लावला. मागे तिच्या गटातल्या मुली काहीतरी बेसूर गात होत्या. तिला सगळं सांगितलं. ती इतकी ओरडली की गाणं थांबलं.

मी म्हटलं, “मी ठरवलंय, माहिरु. तू पुढे चाल. मी तुझ्यामागे येते. आता तुझा काळ आहे.” मोठ्या मनाने म्हटलं. स्वतःचंच मला कौतुक वाटलं.

पलीकडे अर्धा श्वास शांतता.

“पण सेन्सेई,” ती म्हणाली, “पुढची बाई कॅमेऱ्याला ओलांडून आधी निघून जाते ना? मागचीच शेवटपर्यंत दिसत राहते.”

ही मुलगी फार लवकर शिकते. शनिवारी बोलावलंय तिला. येताना टोफू तिने आणायचा आहे.